उपचार अजून चालू आहे

शिरावाचकाने तिसऱ्यांदाही तेच उत्तर दिले, तेव्हा डॉक्टर झीशान बागवान यांनी यंत्र बंद करून पुन्हा चालू केले. चौथ्यांदाही पडद्यावर त्याच दोन ओळी उमटल्या. दोन्ही ओळींतली पहिली सहा अक्षरे सारखी होती. त्यांचा अर्थ होता, उजव्या दंडातील मुख्य शिरेला झालेली इजा. जखमेचे वयही दोन्हीकडे एकच होते, चव्वेचाळीस वर्षे. फरक फक्त सातव्या जागी होता. वरच्या ओळीत तिथे 'ग' होता, खालच्या ओळीत 'क'.

"बिघडलंय का हो?" टेबलावर पडलेल्या प्रांजलताई आरवाडे यांनी विचारले.

"काय, यंत्र?"

"यंत्रच. माझं काय बिघडलंय ते मला दिसतंय."

ते कोणालाही दिसले असते. सदुसष्ट वर्षांच्या प्रांजलताईंचा उजवा हात खांद्यापासून बोटांपर्यंत सुजून जांभळा पडला होता. त्या मिरजेत भोपळ्यांचे तंबोरे बनवत. तंबोऱ्याच्या घोडीवर कानस फिरवून तारेचा आवाज खुलवायचा, म्हणजे जवारी लावायची, हे त्यांचे खास काम. चार महिन्यांपासून त्यांना कानस धरता येत नव्हती. "हाताचाच भोपळा झालाय, आता तारा तेवढ्या लावा," असे त्या पहिल्या दिवशी म्हणाल्या होत्या. अलीकडे त्या थट्टा करीत नसत. हातातले रक्त परत नेणारी शीर दोन महिन्यांत पूर्ण बंद होईल आणि मग हात काढावा लागेल, हे झीशानने त्यांना स्पष्ट सांगितले होते.

इजा जुनी होती. तेविसाव्या वर्षी, काम शिकत असताना, भोपळा कापायच्या यंत्राचे पाते उडून दंडात घुसले होते. तेव्हा शीर शिवली, जखम भरली, आणि चाळीस वर्षे त्यांनी त्या दंडाची आठवणही काढली नव्हती.

"थांबा, मंगळवार आहे," झीशान म्हणाला. "नाईकवाडे मॅडम आल्या असतील."

केतकी नाईकवाडे या प्रयोगशाळेतल्या शेवटच्या संकेतक. डॉक्टरांनी लिहिलेला आजार ठराविक अक्षरांच्या संकेतात बसवायचा, हे काम पूर्वी माणसे करीत. वीस वर्षांपूर्वी ते यंत्रांकडे गेले. केतकीबाईंना जुन्या कागदांचा उलगडा करण्यासाठी आठवड्यातून एक दिवस बोलावत. वय शहात्तर. त्यांना गेल्या आठवड्यातले काही आठवत नसे, पण दोन हजार सव्वीस साली नोकरीला लागल्या तेव्हा फायलींना कोणत्या रंगाच्या नाड्या होत्या ते त्या सांगू शकत. त्या वेळच्या संकेतांच्या जाड पुस्तकाचा वास त्यांना आवडायचा, हेही त्यांनी सगळ्यांना सांगून झाले होते.

त्या आल्या, खुर्ची ओढून पडद्यासमोर बसल्या आणि प्रांजलताईंना म्हणाल्या, "तुम्हाला यांनी हे नीट सांगितलंय का? की नुसतंच मान हलवतात?"

"मान हलवतात."

"सांगा हो, डॉक्टर. मलाही एकदा ऐकू द्या."

झीशानने सांगितले. शिरेला जखम झाली की तिथल्या पेशींवर एक रासायनिक खूण उमटते. जखम भरू लागली की ती खूण पुसून दुसरी येते. सगळे संपून नुसता व्रण किंवा दुखणे मागे उरले की तिसरी. या तीन खुणांचा शोध लागला तेव्हा लोकांना गंमत वाटली, कारण संकेतक मंडळी संकेताच्या सातव्या जागी कित्येक वर्षे नेमकी हीच तीन अक्षरे लिहीत होती. म्हणून खुणांनाही तीच नावे दिली, क, ख आणि ग. 'ग' म्हणजे उत्तरपरिणाम. इजा कधीच संपली, तिचे मागे राहिलेले ओझे तेवढे शिल्लक.

"तुमच्या शिरेत 'ग' आहे. म्हणून आम्ही जागरद्रव दिलं. ते 'ग' पुसून पेशींवर परत 'क' लिहितं. पेशींना वाटतं जखम आजच झाली, आणि त्या ती नव्याने भरतात, या वेळी व्रण न ठेवता. शंभरातल्या नव्वद जणांना गुण येतो."

"मला दोनदा दिलंत. दोन्ही वेळा सूज वाढली."

"हो," झीशान म्हणाला. "आणि का वाढली ते मला कळत नाही. आता बघतोय तर काही पेशींवर 'क' आहे. तो आमच्या द्रवाचा नाही, मी तपासलं. त्या पेशींवर पहिल्यापासून 'क'च आहे. चव्वेचाळीस वर्षं झाली तरी त्यांच्यासाठी हा जखमेचा पहिलाच दिवस आहे. असं होऊच शकत नाही."

केतकीबाईंनी चष्मा कपाळावर सरकवला. "हीच चूक. दर वर्षी नवीन पोरं यायची आणि दर वर्षी हीच चूक करायची."

"कोणती?"

"'क' म्हणजे पहिला दिवस, असं धरून चालायची. पेशंट दुसऱ्यांदा आला की लावा 'ख'. आमचे साहेब फाईल अंगावर फेकायचे. 'क'चा दिवसाशी काही संबंध नाही, झीशान. 'क' म्हणजे उपचार चालू आहे. शस्त्रक्रिया, दुसरी शस्त्रक्रिया, तिसरी, वर्ष लागलं तरी 'क'च. उपचार करणाऱ्यानं हात काढून घेतला, मग 'ख'."

"पण इथे उपचार कोण करतंय? मी गेल्या चार महिन्यांतला."

"ते तू शोध. मला अक्षराचा अर्थ विचारलास, मी सांगितला. चव्वेचाळीस वर्षं कोणीतरी इथे उपचार करतंय आणि अजून थांबलेलं नाही."

प्रांजलताई एकदा त्याच्याकडे, एकदा केतकीबाईंकडे पाहत राहिल्या. झीशानने मात्र 'क' असलेल्या पेशींची ओळख काढायला यंत्राला सांगितले. प्रत्येक पेशीत तिच्या मालकाची ओळख असते. जी गोष्ट पहिल्याच दिवशी पाहायला हवी होती ती कोणी पाहिली नव्हती, कारण माणसाच्या दंडात त्याच माणसाच्या पेशी असणार, हे सगळ्यांनी गृहीत धरले होते.

उत्तर यायला सहा मिनिटे लागली. ओळख प्रांजल आरवाडे यांची नव्हती.

झीशान जरा अवघडला. "ताई, एक विचारतो. तुम्हाला कधी मूल?"

"लग्नच केलं नाही मी."

"तो वेगळा प्रश्न झाला," केतकीबाई म्हणाल्या.

"दोन्हीचं उत्तर नाही असंच आहे."

"मग एकच शक्यता उरते," झीशान म्हणाला. "मूल पोटात असताना त्याच्या थोड्या पेशी आईच्या रक्तात जातात आणि आईच्या थोड्या मुलात येतात. हे शंभर वर्षांपासून माहीत आहे. त्या तिथे वर्षानुवर्षं राहतात, आणि जिथे जखम असेल तिथे जमतात. तुमच्या शिरेत आईच्या पेशी आहेत."

"आईला जाऊन अठ्ठावीस वर्षं झाली."

"पेशी जिवंत आहेत. जखम भरली की तुमचं शरीर आपल्या पेशींना 'आता पुरे' असा इशारा देतं. तो तुमच्याच पेशींना कळतो. आईच्या पेशींना ती भाषा समजत नाही. त्यांना कोणी थांबा म्हणालंच नाही. त्या थरावर थर देत राहिल्या, म्हणून शीर आतून भरत आली. आम्ही जागरद्रवाने जखम दोनदा उघडली आणि त्या दुप्पट कामाला लागल्या."

प्रांजलताई म्हणाल्या, "बरोबर आहे. आईला पुरे कळायचंच नाही. ताटात नको म्हटलं तरी वाढायची."

उपाय सरळ होता. आईच्या पेशींना त्यांच्याच ओळखीतून इशारा देणारे विरामद्रव बनवायचे आणि दंड बांधून तेवढ्याच भागात सोडायचे. त्यासाठी शिरेतल्या पेशी काढून चालणार नव्हते. सुई टोचली की नवी जखम, आणि नव्या जखमेवर पुन्हा धाव. पण आईच्या पेशी पेशीपेढीत होत्या; मरण पावलेल्या प्रत्येकाच्या पेशी तिथे जपून ठेवत. परवानगीचा प्रश्नही नव्हता. परपेशी कायद्याप्रमाणे दुसऱ्याच्या पेशींचे काम थांबवायचे तर त्या माणसाची संमती लागते, आणि तो हयात नसला तर जवळच्या वारसाची. एकुलती एक मुलगी समोर होती. तिने डाव्या हाताने वेडीवाकडी सही केली.

दोन आठवड्यांनी, मंगळवारीच, विरामद्रव दिले. दंडात काहीच घडले नाही. यंत्राने कारण दाखवले, ओळख जुळत नाही.

"म्हणजे ती माझी आई नव्हती?" प्रांजलताईंनी विचारले. आवाज शांत होता, पण डाव्या हाताने त्या चादरीची कड चुरगळत होत्या.

"तसं नाही. मी तेही तपासलं. तुमचा निम्मा वारसा त्यांचाच आहे. त्या तुमच्याच आई."

"आणि या पेशी माझ्या आईच्या आहेत, असं तुम्हीच सांगितलंत."

"हो."

"मग?"

"मग मला काही कळत नाही," झीशान म्हणाला. शिकलेल्या डॉक्टरने ते इतके सरळ सांगावे, याचे केतकीबाईंना बरे वाटले.

त्या दिवशी केतकीबाई घरी जाताना जिन्यात थांबल्या आणि परत वर आल्या. "प्रांजलताई, तुमचा जन्म कुठला? साल कोणतं?"

"दोन हजार बारा. सांगली."

"आई तुमच्या जन्माच्या वेळचं काही सांगायची का? कळा किती आल्या, किती तास लागले? आमची आई तर दर वाढदिवसाला ऐकवायची."

प्रांजलताईंनी आठवून पाहिले. "विचारलं की म्हणायची, तुझ्या वेळी मला काहीच त्रास झाला नाही."

केतकीबाई खाली बसल्या. "मी नोकरीला लागले तेव्हा पहिलं काम मिळालं ते सांगलीच्या एका बंद पडलेल्या प्रसूतिगृहाच्या फायली यंत्रात भरायचं. तळघरात, पाठदुखी होईपर्यंत. काही फायलींत दोन बायकांची नावं असायची. मला वाटलं, कारकुनाची चूक. मी साहेबांना विचारायला गेले. ते म्हणाले, चूक नाही, पोरी. एकीचं बीज, दुसरीचं पोट. त्या काळी चालायचं ते. नऊ महिने त्या बायकांना एका घरात ठेवायचे आणि नंतर घरी पाठवायचे."

झीशानच्या आता लक्षात आले, आणि लक्षात आल्यावर इतके सोपे वाटले की त्याने कपाळावर हात मारला. पेशी रक्तातून येतात. ज्या स्त्रीचे बीज तिच्या नव्हे, ज्या स्त्रीच्या पोटात मूल वाढले तिच्या.

"तिसरीच बाई," प्रांजलताई म्हणाल्या. "जी मला माहीतही नाही. आणि ती माझा हात..." उपचार करतेय की घालवतेय, दोन्ही खरे होते.

प्रांजलताईंच्या लेखी विनंतीवरून त्यांच्या जन्माची फाईल उघडली. दुसरे नाव होते मंगल शिवाप्पा खोत, वय सव्वीस, मुक्काम मालगाव. हिशेबाने आता त्र्याण्णव. पेशीपेढीत तिचे नाव नव्हते. म्हणजे ती जिवंत होती.

मालगाव मिरजेपासून जवळच. तिघेही रविवारी गेले. मंगलबाई अंगणात शेंगा फोडत बसल्या होत्या. पाठीला बाक होता, पण नजर टक्क होती. झीशानने सांगायला सुरुवात केली. शिरा, पेशी, खुणा. त्यांनी सगळे ऐकून घेतले आणि म्हणाल्या, "माजा काय बी संबंध न्हाई."

"आजी, फक्त रक्ताचा एक थेंब आणि ही सही."

"कागदावर काय लिवलंय?"

केतकीबाईंनी वाचून दाखवले. "या व्यक्तीच्या शरीरातील सदर पेशी माझ्या असून त्यांचे काम थांबवण्यास माझी संमती आहे."

"तेच म्हंते मी. मी दुसऱ्या कागदावर सई केल्ती. या मुलीच्या शरीराशी माजा कसलाबी संबंध न्हाई आन् पुढं कदी सांगणार न्हाई. दवाखान्यात, शुद्धीवर आल्या आल्या. त्या बाईला मी शबूद दिलाय. सदुसष्ट वर्सं पाळलाय. आता तुमी येऊन म्हंता, हाय म्हणून लिवून द्या. उद्या तिनं विचारलं तर?"

"तिला जाऊन अठ्ठावीस वर्षं झाली," प्रांजलताई म्हणाल्या.

मंगलबाईंनी त्यांच्याकडे पहिल्यांदा नीट पाहिले. नजर चेहऱ्यावरून दंडावर गेली आणि तिथे थांबली. "मानूस गेलं म्हणून शबूद जातो व्हय?"

झीशानने कायदा समजावला. तो कागद कोर्टात आता टिकणार नाही, असेही सांगितले. त्यांनी ऐकून न ऐकल्यासारखे केले आणि परत शेंगा फोडू लागल्या. प्रांजलताईंना राग आला, मग लाज वाटली, आणि आपल्याला नेमके काय वाटते आहे ते त्यांना कळेना. हात जावा की राहावा, हे एका अनोळखी म्हातारीच्या सचोटीवर येऊन ठेपले होते, आणि म्हातारीचे काही चुकत होते असेही म्हणवत नव्हते.

"सही राहू द्या," केतकीबाई म्हणाल्या. "त्याच तुम्ही आहात याची तरी खात्री करू. नाहीतर उगाच दुसऱ्या कोणाच्या दारात बसलोय. आजी, हे यंत्र नुसतं अंगावरून फिरवायचं. टोचत नाही."

"फिरवा. टोचलं तरी मला काय."

हातातला छोटा शिरावाचक झीशानने त्यांच्या दंडावरून, गळ्यावरून, छातीवरून फिरवला. ओळख जुळली. शिरेतल्या पेशी मंगल खोत यांच्याच होत्या. यंत्र थांबले नाही. त्याने खाली आणखी एक ओळ दिली, आणि झीशानने ती दोनदा वाचली.

"आजी, तुम्हाला हृदयाचा काही त्रास झाला होता?"

"झटका आल्ता. साठीत. डाक्टर म्हनले, वरीसभर जगशील. तो मेला, मी हाय."

"हृदयाच्या भिंतीला जखम आहे. सातव्या जागी 'क' आहे." त्याने पडदा केतकीबाईंकडे वळवला.

केतकीबाईंनी वाचले आणि प्रांजलताईंकडे पाहिले. "ओळख तुमची आहे."

"माझी?"

"झीशान म्हणाला होता ना, पेशी दोन्हीकडे जातात. तुमच्या यांच्यात राहिल्या. तेहतीस वर्षं यांच्या हृदयावर उपचार करतायत. त्यांनाही कोणी थांबा म्हणालेलं नाही. नशीब, भिंत आहे ती. थर चढला तरी बंद पडायला तिथे वाट नाही."

मंगलबाईंना हे परत एकदा, सावकाश सांगावे लागले. त्यांनी हातातली शेंग खाली ठेवली. "म्हंजी हिचं हाय माज्यात?"

"हो."

"आन् हिनं कागदावर सई केली नव्हती?"

"त्या तेव्हा नुकत्या जन्मल्या होत्या," केतकीबाई म्हणाल्या.

"मग तिनं शबूद दिल्याला न्हाई." मंगलबाई स्वतःशीच हिशेब केल्यासारखे बोलत होत्या. "माज्या बाजूनं संबंध न्हाई म्हनले, ते खरं. तिच्या बाजूनं हाय. आन् संबंध काय एका बाजूनं ऱ्हातो व्हय?" त्यांनी हात पुढे केला. "आना तो कागद. आन् रगत काय पायजे ते घ्या."

सही करून झाल्यावर त्यांनी प्रांजलताईंचा सुजलेला दंड दोन्ही हातांनी चाचपला, बाजारात एखादी भाजी पाहावी तसा. "लई केलं का गं मी?"

"थोडं जास्त झालं," प्रांजलताई म्हणाल्या. पुढे त्यांना काहीतरी म्हणून हाक मारायची होती. आई होत नव्हते, मावशी होत नव्हते, आजी म्हणावे इतके वयाचे अंतर नव्हते. त्यांनी दंड मंगलबाईंच्या हातांत तसाच राहू दिला.

विरामद्रव दिल्यावर तेराव्या दिवशी यंत्राने खालच्या ओळीतला 'क' पुसून 'ख' दाखवला. सूज उतरायला महिना लागला. प्रांजलताई पहिल्यांदा कानस घेऊन बसल्या तेव्हा पकड सैल होती, पण घोडीवर हात टिकला. तपासणीला आल्या त्या मंगळवारी केतकीबाईंनी त्यांच्यासमोर दुसरीच एक फाईल ठेवली. रुग्ण मंगल खोत. हृदयाच्या भिंतीची इजा, सातव्या जागी 'क'. उपचार करणारी व्यक्ती, प्रांजल आरवाडे.

"कायद्यानं विचारावं लागतं," केतकीबाई म्हणाल्या. "तुमच्या पेशींचं काम थांबवायचं आहे का?"

"नाही."

"मग उपचार चालू. चालू उपचाराला भेटींच्या नोंदी लागतात. महिन्यातून एकदा तरी उपचार करणाऱ्याने रुग्णाला प्रत्यक्ष पाहिलं पाहिजे. नोंद नसेल तर 'क' धरता येत नाही."

झीशानने पडद्यावरून मान वर केली. "असा नियम आहे?"

"एकतीस सालच्या पुस्तकात होता."

"तो केव्हाच रद्द झाला असेल."

"झाल्याचं माझ्या तरी वाचनात नाही."

प्रांजलताईंनी फाईल जवळ ओढली आणि रकाने वाचत गेल्या. एका रकान्यापाशी त्या थांबल्या. "रुग्णाशी नातं. इथे काय लिहू?"

"ते रिकामं राहिलं तरी चालतं," केतकीबाई म्हणाल्या. "तारीख मात्र लागते."

प्रांजलताईंनी पुन्हा एकदा तो रकाना पाहिला. मग लेखणी उजव्या हातात घेऊन, सावकाश, येत्या रविवारची तारीख लिहिली.